डाव्या भिंतीतली बारा भोकं

२८ जानेवारी

ताटाएवढा पोपडा खाली आला! एका भोकात!

सुतार दहाला मशीन घेऊन आला. "काका, अर्ध्या तासाचं काम. तुम्ही चहा टाका." चहाला उकळी यायच्या आत घर्रर्र झालं आणि मग धप्प. जाऊन बघतो तर पॅसेज धुळीने भरलेला आणि सुतार भिंतीकडे रागाने बघतोय, जसं काही तिनेच त्याला फसवलं. आत विटा मऊ, मधला चुना पिठासारखा. बोटाने उकरला तरी निघतो.

"जुनी भिंत आहे काका. मशीनचा हादरा सोसायची नाही. बारा भोकं पाडली तर दांडा राहील हातात आणि भिंत येईल खाली."

मग काय करायचं?

"हातानं पाडा. हळूहळू. दिवसाला एक."

तू पाडशील का? "मला कुठे वेळ आहे!" मशीन गुंडाळलं. चहा मात्र पिऊन गेला.

बारा भोकं. चार ब्रॅकेट, एकेकाला तीन स्क्रू. त्यावर माझ्या दुकानातला कपडे टांगायचा दांडा — दुकान विकलं तेव्हा तेवढा उचलून आणला होता, का ते तेव्हा मलाही माहीत नव्हतं. पलंगापासून बाथरूमपर्यंत नऊ फूट पॅसेज. अर्धांगाच्या झटक्यात हिचा उजवा हात गेला, उजवा पाय ओढत टाकते. डावा हात चालतो. म्हणून जाताना डाव्या हाताला येणारी भिंत. सरळ हिशेब आहे.

वीस फेब्रुवारीला हिची मोठी बहीण, जिच्याकडे ही सध्या आहे, लेकीकडे निघते, दुसऱ्या शहरात, सहा महिन्यांसाठी. हिला बरोबर नेते म्हणते. "भावोजी, तिथं माणसं आहेत. तुमच्याकडे तिला धरायला आहे काय? भिंत?"

खरं बोलल्या ताई. म्हणून तर झोंबलं. वीस तारखेच्या आत दांडा लागला पाहिजे, नाहीतर ही गेली. सहा महिने म्हणजे आमच्या वयाला काय सांगावं!

२९ जानेवारी

हार्डवेअरवाल्याकडे गेलो. "हातानं भोक पाडायचंय? विटेत? तुम्ही काका कुठल्या काळात राहता?" पण माळ्यावर चढला. खाली आला तेव्हा शर्टाला जाळी आणि हातात वीतभर पोलादी कांब, टोकाला चार धारा. "आमच्या वडिलांच्या वेळची. आता कोणी विचारत नाही."

कसं करायचं ते गल्ल्यामागच्या विटेवर दाखवलं. हातोडीचा एक ठोका. कांब पाव वळसा फिरवायची. परत ठोका. परत पाव वळसा. "जोर लावायचा नाही. जोर लावला की भोकाचा खड्डा होतो." वर म्हणाला, "टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही, काका." मी म्हटलं, देवपण नको, दांडा लागला तरी पुरे.

दोन विटांमधला चुना टाळायचा, विटेच्या पोटात भोक घ्यायचं. वाजवून बघायचं — वीट असेल तिथे आवाज भरीव. हे मात्र मला आवडलं. कापडही मी आधी चिमटीत धरून बघायचो, मग कात्री लावायचो.

३० जानेवारी

पहिलं भोक. दोन तास. झाला काय? खड्डा! अंडं उभं राहील एवढा. गिलावा ठिसूळ, कांब टेकवली की कडा ढासळते. बुजवावा लागणार.

तीन वाजता खालून छताला काठी. ठक ठक ठक. खालचे मास्तर. मी थांबलो. थोड्या वेळाने सुरू केलं, परत काठी.

पॅसेजात बसूनच राहिलो मग. इथेच पडली ही. हॉस्पिटलमधून घरी आणल्याला पाच दिवस झाले होते. मी पुढच्या खोलीत मशीनवर बसलो होतो, शेजाऱ्याची पँट आखूड करत. मशीनच्या आवाजात काही ऐकू आलं नाही. आलं तरी काय आलं असतं? हिला हाक मारता येत नव्हती. मी उठून आलो तेव्हा जमिनीवर बसली होती, डावा हात भिंतीवर, बोटांनी भिंत चाचपडत. धरायला काहीच नव्हतं. माझ्याकडे बघितलं आणि नजर वळवली.

दुसऱ्या दिवशी ताई येऊन घेऊन गेल्या. त्याला दोन महिने होतील.

३१ जानेवारी

अंगठा काळानिळा. भोकं शून्य.

१ फेब्रुवारी

जमलं! एक भोक, स्वच्छ, गोल, दोन इंच खोल!

युक्ती सुचली ती रात्री नाही, सकाळी दात घासताना. कॉलर ताठ राहायला आत बक्रम घालतात. तोच भिंतीला का नको? कपाटात बक्रमचा तागा पडूनच आहे. चौकोन कापला, खळ लावून भिंतीला चिकटवला, वाळू दिला. त्यावरून कांब लावली. कड सुटली नाही! बक्रमने गिलावा धरून ठेवला. कांबेला दोन इंचांवर लाल दोरा बांधला, तिथपर्यंत गेली की थांबायचं. भुगा रबरी नळीने फुंकून काढायचा आणि फुंकताना डोळे मिटायचे. हे मी दुसऱ्या फुंकरीला शिकलो.

हिला सांगावंसं वाटलं. लगेच, तिथल्या तिथे. "ऐकलंस का" असं म्हणून मी स्वयंपाकघराकडे वळलोसुद्धा.

ही अडतीस वर्षं माझ्या दुकानात काजं करायची. हाताने. मशीनची काजं मला कधी पसंत पडली नाहीत, आणि हिच्या काजांसाठी गिऱ्हाइकं दुरून यायची. मी मात्र चेष्टा करायचो — तुझं काय, नुसती भोकं पाडायची! ही सुई न थांबवता म्हणायची, "भोक कोणीही पाडतं. काठ बांधता आला पाहिजे." दर वेळी तेच उत्तर. मी दर वेळी हसण्यावारी नेलं.

आज ते उत्तर हवं होतं. तेवढंच हवं होतं.

२ फेब्रुवारी, रविवार

ताईंकडे जाऊन आलो. बसने सव्वा तास.

ही खिडकीत बसली होती. वजन कमी झालंय. केस ताईंनी विंचरले होते, पण भांग हिच्या बाजूचा नाही.

माप घ्यायला टेप नेला होता. दांडा मनगटाच्या उंचीला हवा. माझ्या मापवहीत हिचं माप आहे — जमिनीपासून मनगट साडेबत्तीस इंच. लग्नाच्या वर्षी घेतलेलं. तेच धरून चाललो होतो. बरं झालं, परत घेतलं. ताईंनी आधार देऊन उभी केली. मी खाली बसलो, टेपचं टोक जमिनीवर अंगठ्याने दाबलं. दुसरं टोक हिने आपण होऊन डाव्या हाताच्या चिमटीत धरलं! सवयीने. दुकानात धरायची तसं. एकतीस. दीड इंच कमी झाली ही. मी परत मोजलं. एकतीसच.

खाली बसलो होतो म्हणून बरं झालं. तोंड कोणाला दिसलं नाही.

सांगितलं, घरी दांडा लावतोय, तू धरून चालशील. "बरं," म्हणाली. "हं" आणि "बरं" — चार महिने एवढंच. एकदा "नको". ताई म्हणतात तेही औषधाला.

जाताना म्हटलं, येतो. "बरं."

३ फेब्रुवारी

दोन झाली; परवाचं भोक जुन्या मापाचं, दीड इंच वर, ते वरच्या स्क्रूला धरलं. तीन म्हणता म्हणता वीट फुटली, तिसरं उद्या.

आज चूक माझीच — ब्रॅकेट उलटं धरून खुणा केल्या. एकटाच हसलो. ही असती तर बाह्या काढल्याच असत्या.

इथे लिहूनच ठेवतो. मी चोवीस वर्षांचा होतो, मोठ्या दुकानात कटर म्हणून नवा. एका नवरदेवाचा कोट माझ्याकडे आला. मी ऐटीत कापला, शिवायला दिला, वेळेत दिला. कोपऱ्यात एक मुलगी काजं करत बसायची, कोणाशी बोलत नसे. महिनाभर मी तिच्याशी बोलायचं काहीतरी कारण शोधत होतो. कोट काजांसाठी तिच्याकडे गेला. तिने तो मांडीवर पसरला, उलटा केला, सुलटा केला. मग पहिल्यांदा माझ्याकडे बघितलं.

"दोन्ही बाह्या एकाच हाताच्या!"

हे हिचं माझ्याशी पहिलं वाक्य. मालक जेवायला गेले होते. उरलेल्या कापडातून कशीबशी उजवी बाही निघाली, हिने उसवलं, मी लावलं, मालकांना पत्ता लागला नाही. वर्षभरात लग्न झालं.

आणि मग अडतीस वर्षं! मी कधी शहाणपणा मिरवला, कोणी मला चांगला कारागीर म्हटलं, की ही आतून ओरडायची, "हो का? आणि त्या बाह्या?" पाहुण्यांसमोर. गिऱ्हाइकांसमोर. मला राग यायचा. एकदा तर म्हणालो, किती बोलतेस, जरा गप्प बसत जा.

बसली.

४ फेब्रुवारी

तिसरं. पहिल्या ब्रॅकेटची जागा पुरी. काठीमुळे दोनदा थांबलो.

५ फेब्रुवारी

मास्तर स्वतः वर आले. काठी घेऊन. "टेलरसाहेब, घर पाडताय का? पाडायचं तर एकदाच पाडा, माझी रोज दोन ते चार झोप जाते!"

मलाही चढला. म्हणालो, माझ्या भिंतीत मी काहीही करीन. ते म्हणाले, तुमची भिंत माझ्या छतावर उभी आहे. बोलता बोलता आवाज चढले. मग मास्तरांना बक्रमचे चौकोन दिसले. "हे काय? भिंतीला ठिगळं?" सांगितलं. कोणासाठी तेही सांगितलं. मास्तरांनी काठी भिंतीला टेकवून ठेवली. गणित शिकवायचे ते, पुढचा प्रश्न गणितातलाच — "चारही ब्रॅकेट एका पातळीत येणार कशी?"

डोळ्याने, म्हटलं.

"डोळ्याने!"

खाली गेले, पारदर्शक नळी घेऊन आले. नळीत पाणी भरलं, एक टोक त्यांच्याकडे, एक माझ्याकडे. पाणी दोन्हीकडे सारख्या उंचीला थांबतं. तिथे खूण. इंचाच्या बत्तिसाव्या भागापर्यंत बरोबर! मग जाताना म्हणाले, "दोन ते चार सोडून काय वाटेल ते ठोका." मान्य केलं. आधीच विचारलं असतं तर चार दिवस वाचले असते, पण मी कोणाला विचारतो कधी!

६ फेब्रुवारी

चौथं आणि पाचवं. हात आता आपोआप फिरतो. ठोका, पाव वळसा. ठोका, पाव वळसा. एका भोकाला पावणेदोन तास.

या कामात डोकं रिकामं राहतं, हा त्याचा दोष. मशीन असतं तर अर्ध्या तासात संपलं असतं आणि मला एवढं काही आठवलं नसतं.

८ फेब्रुवारी

सहावं. निम्मं झालं. उद्या हिला सांगतो. काल चुकूनसुद्धा ठोका मारला नाही, खांदा धरला होता.

९ फेब्रुवारी, रविवार

गेलो नसतो तर बरं झालं असतं.

ताईंच्या घरी बॅगा काढून ठेवलेल्या. दोन. एक निळी — ती आमची आहे, हॉस्पिटलात नेलेली. हिचे कपडे त्यात घड्या घालून.

मी हिच्याजवळ बसलो. सहा भोकं झाली म्हटलं. बक्रमची गोष्ट सांगितली, मास्तरांच्या नळीची सांगितली. सांगायला मला येत नाही, तरी हातवारे करून सांगितलं. ही खिडकीबाहेर बघत होती. विचारलं, "यायचं ना घरी?"

"बरं."

काय झालं कोणास ठाऊक, मी लगेच विचारलं, "की ताईंबरोबर जायचं?"

"बरं."

तोच आवाज. तसाच. मी दोन्हींतला फरक ऐकायचा प्रयत्न केला आणि फरक नव्हता.

ताई दारापर्यंत आल्या. वाईट नाहीत त्या, लेकीसारखं करतात हिचं. म्हणाल्या, "भावोजी, सुई दिली होती तिला परवा. डाव्या हातात. विरंगुळा म्हणून. फेकून दिली. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही दिवसभर." मग म्हणाल्या, "तुमच्याकडे आली तर दिवसभर ते दुकानाचं सामान डोळ्यांसमोर. कशाला उगाच जिवाला त्रास?"

बसमध्ये तेच डोक्यात. हिला यायचंच नसेल तर? मी भिंती कोरत बसलोय आणि तिला ते घर नकोच असेल. जिथे पडली ते. जिथे मी गप्प बस म्हणालो ते.

मला हिचा आवाज हवा आहे. भांडायला चालेल, नावं ठेवायला चालेल. सकाळी भाजी चिरताना एकटीच पुटपुटायची, ते सुद्धा चालेल. घरात मी भांडी मुद्दाम आपटतो हल्ली.

१० फेब्रुवारी

काही केलं नाही.

११ फेब्रुवारी

आजही करणार नव्हतो. साडेचारला खालून छताला काठी. ठक ठक ठक! मी आवाज केलाच नव्हता. खाली गेलो.

मास्तर दारातच. "दोन दिवस ठोका नाही. मला वाटलं, गेलात वर!"

"मी वरच राहतो, मास्तर."

हसलो दोघंही. मग त्यांना सगळं सांगून टाकलं — दोन वेळा बरं, तोच आवाज, निळी बॅग. मास्तर म्हणाले, "तुम्ही तिला विचारलंत तेव्हा तुमच्याकडे दांडा होता का?" नव्हता. "मग कशाच्या जोरावर तिने काय सांगायचं? आधी उत्तर द्यायची सोय करा. मग प्रश्न विचारा." शिकवायची सवय जात नाही माणसाची. पण मला पटलं.

वर आलो. सातवं झालं. कड सुटली नाही.

१२ फेब्रुवारी

आठ आणि नऊ!

१३ फेब्रुवारी

दहावं अडलं. विटेच्या मागे काहीतरी टणक, कांब परत उडते. तासभर ठोकलं तेव्हा पाव इंच. कपाळावर हात मारला. हार्डवेअरवाल्याला फोन केला. "काका, भाजून काळी झालेली वीट असेल. पाणी घाला, भिजू द्या, उद्या बघा. उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग!" पासष्टाव्या वर्षी नवरदेव म्हणून घेतलं.

भिजवलीय.

१४ फेब्रुवारी

दहावं पडलं. भिजवल्याचा उपयोग झाला की माझ्या रागाचा, माहीत नाही. संध्याकाळी अकरावं.

आता भोकात घालायला लाकडी गुटके हवेत, त्यांत स्क्रू बसणार. लाकूड सुकलेलं पाहिजे, ओलं असलं तर आटतं आणि सुटतं. घरभर शोधलं. हिच्या शिवणाच्या डब्यात सापडले — दोऱ्याची रिकामी लाकडी रिळं! जुनी, तीस-पस्तीस वर्षांची. आता प्लॅस्टिकची येतात. मी किती वेळा म्हणालो असेन, फेक ती रिळं, कचरा साठवते नुसता. "राहू द्या. लागतात कधीतरी."

दोन्ही बाजूंच्या चकत्या कापल्या की मधली दांडी बोटाएवढी, आणि तिला मधोमध भोक आधीच! तासून भोकात ठोकली, चपखल बसली. लागली बाई. तुझी रिळं लागली.

१५ फेब्रुवारी

बारा! बारा झाली!

बारावं पाडून खाली बसलो तर उठवेना. मास्तर वर आले, दोघांनी मिळून ब्रॅकेट कसली, दांडा चढवला. मास्तरांनी नळीने परत तपासलं. "शंभरापैकी शंभर." मी दांड्याला लोंबकळलो. पाय उचलून! कड कड काही नाही. भिंतीला काही कळलंसुद्धा नाही.

दांडा हँगर सरकून सरकून गुळगुळीत झालेला आहे. हिच्या हाताला टोचायचा नाही.

१६ फेब्रुवारी, रविवार

ताईंना सांगितलं. त्यांचा विश्वास बसेना. "हातानं? तुम्ही?" दोन्ही तळवे पुढे केले. फोड मोजले त्यांनी.

मग म्हणाल्या, "मंगळवारी सकाळी घेऊन येते. स्वतःच्या पायाने चालून दाखवू दे. पण भावोजी, जमलं नाही तर मी तिला परत नेणार. रागावू नका. पडल्यावर मी बघितलीय तिला. गुरुवारी आमची गाडी आहे."

नाही रागावणार, म्हटलं. दुसरं काय म्हणणार.

हिला या वेळी काही विचारलं नाही. माझा अंगठा बघत होती, काळा पडलेला. बराच वेळ बघत होती. डाव्या हाताने माझी बोटं उलटी केली, तळवा बघितला, परत सुलटी केली. कोट बघावा तशी.

१७ फेब्रुवारी

सगळी तालीम झाली. उजवा हात खिशात घातला, उजवा पाय ओढत, डाव्या हाताने दांडा धरून पलंगापासून बाथरूमपर्यंत गेलो. दाराशी पोचून दांड्याला दोन हिसके. परत पलंगाशी यायचं, परत सुरू. दहा वेळा. कुठे अडखळायला जागा नाही. पॅसेजातलं पायपुसणं काढून टाकलं, त्यावर पाय घसरायचा. दिवा बदलला. फरशी दोनदा पुसली.

शिवणाचं मशीन झाकून ठेवू का? ताई म्हणाल्या त्यावरून. झाकलं. मग काढलं. मग परत झाकलं.

चहा-साखर आणून ठेवली. भांग पाडायचा हिचा कंगवा आरशापाशी. उद्या काय होईल ते होवो. जे हाताने करता येतं ते सगळं केलं, आता हिच्या पायावर आहे. झोप लागेल असं वाटत नाही, पण आडवा होतो.

१८ फेब्रुवारी

अकराला आली. पलंगावर टेकली, उठली, डावा हात दांड्यावर. नऊ फूट. एकदाही न थांबता! बाथरूमच्या दारात पोचली तशी मी ताईंकडे विजयी मुद्रेने बघितलं.

मग ही वळली.

वळली आणि दांडा गेला उजव्या हाताला. मेलेल्या हाताला. डावीकडे नुसती भिंत, कोरी, धरायला काही नाही. माझा टेप, मास्तरांचं गणित, एकवीस दिवस — आणि गेलेल्या माणसाला परत यायचं असतं हे एकाच्याही डोक्यात आलं नाही! काल दहा वेळा गेलो. दहा वेळा तसाच परत आलो, चांगल्या पायांनी, दांड्याला हात न लावता.

ताई म्हणाल्या, "बघा भावोजी, म्हणूनच मी —"

आणि ही हसायला लागली. दाराची चौकट धरून, अर्ध्या तोंडाने, खांदे हलवत. घोगरा आवाज. एकेक शब्द खेचून काढत:

"अहो... दोन्ही... बाह्या... एकाच हाताच्या!"

मी तिच्या डाव्या बाजूला जाऊन उभा राहिलो. तिने माझा दंड धरला. आलो पलंगापर्यंत.

ताई निळी बॅग ठेवून गेल्या.

उद्यापासून समोरची भिंत. भोकं बारा. घाई नाही.